वाहाकाला चॉकलेटचा क्लास करावा का? आधी विचारा, पाट्यावर हात कुणाचे असणार

प्रश्न थोडक्यात असा आलाय: ह्यूस्टनचं एक मराठी कुटुंब, नवराबायको आणि ११ आणि ८ वर्षांची दोन मुलं, डिसेंबरात सहा दिवस मेक्सिकोतल्या वाहाका शहरात राहणारेत. चॉकलेट बनवायचा पारंपरिक क्लास करावा का तो नुसता टुरिस्टी प्रकार असतो, कुठला निवडावा, घरचे सगळे शाकाहारी आणि अंडंही खात नाहीत, स्पॅनिश येत नाही, तर जमेल का.

जमेल, आणि नक्की करा. मी गेली १४ वर्षं पुण्यात कोकोच्या बियांपासून चॉकलेट करते, आणि या कामासाठी तीनदा मेक्सिकोला जाऊन वेगवेगळे क्लास केलेत, चांगले पण आणि एक अगदी वाया गेलेला पण. तो वाया गेलेला आधी सांगते कारण तुम्हाला निवडताना उपयोग होईल. पहिल्या ट्रिपला समुद्रकिनाऱ्यावरच्या एका मोठ्या हॉटेलात 'एन्शंट चॉकलेट वर्कशॉप' म्हणून बुकिंग केलं होतं, तिथे तयार चॉकलेट वितळवून आणून ठेवलेलं, आम्ही ते साच्यात ओतलं, वर तिखट भुरभुरलं, फोटो काढले, झाला क्लास. दगडाचा पाटा होता पण टेबलावर शोभेला, त्यावर दोन बिया ठेवलेल्या. मी दोन विमानं बदलून गेले होते, रात्री खोलीवर येऊन खरंच रडू आलं.

त्यामुळे माझं एकच मापदंड आहे, क्लासमध्ये पाट्यावर तुमचे स्वतःचे हात किती वेळ असणार. अर्धा तास तरी हवेत. बाकी जागा सुंदर आहे का, सोबत जेवण आहे का, सर्टिफिकेट देतात का, हे सगळं नंतर.

पाटा मी मुद्दाम म्हणतेय. तिथे त्याला मेताते म्हणतात, बहुतेक ज्वालामुखीच्या खरखरीत दगडाचा, म्हणजे आपल्या सह्याद्रीच्या काळ्या पाषाणाचा भाऊच म्हणा, फक्त त्याला तीन पाय असतात आणि तो समोरच्या बाजूला उतरता असतो. वरवंट्याला मानो म्हणतात आणि तिथल्या ॲझटेक लोकांच्या जुन्या नाहुआत्ल भाषेत मेतलापिल, त्याचा अर्थ 'पाट्याचं मूल'. पिल्ली म्हणजे मूल! आपलं पिल्लू आणि त्यांचं पिल्ली हा योगायोग आहे, भाषांचा संबंध काही नाही, पण मला हे पहिल्यांदा कळलं तेव्हा अंगावर काटा आला, कारण आपल्याकडे बारशाला बाळाच्या आधी वरवंट्याला तेल लावून, टोपडं घालून, गोविंद घ्या गोपाळ घ्या म्हणत पाळण्याखालून-वरून देतात. दोन्ही ठिकाणच्या बायकांना तोच दगड मुलासारखा वाटला. हे मी तिथल्या शिकवणाऱ्या बाईंना मोडक्यातोडक्या स्पॅनिशमध्ये सांगितलं तर त्यांनी वाटण थांबवून माझ्याकडून दोनदा ऐकून घेतलं आणि मग आत जाऊन सुनेला बोलावून आणलं, परत सांग म्हणाल्या. वाहाकाच्या आसपासच्या झापोतेक या मूळ रहिवाशांच्या गावांत लग्नात मुलीला मेताते द्यायची पद्धत आहे, त्यांचाही त्यांच्या लग्नातला होता, मधोमध झिजून खोलगट झालेला.

आता क्लासमध्ये काय होतं ते नीट सांगते, म्हणजे तिथे गेल्यावर कशाकडे बघायचं ते कळेल.

सगळ्यात आधी डोक्यातून कॅडबरीसारखा बार काढून टाका. मेक्सिकोतलं पारंपरिक चॉकलेट हे प्यायचं चॉकलेट आहे, वडी किंवा गोल चकती करून ठेवतात ती पाण्यात नाहीतर दुधात विरघळवायला. जिभेवर रेशमासारखं वितळणारं चॉकलेट फार अलीकडचं, १८७९ मध्ये स्वित्झर्लंडच्या रोडोल्फ लिंटने तासन् तास घोटणारं यंत्र काढलं त्यानंतरचं. मेक्सिकोच्या वडीत साखरेचे कण दाताखाली कचकचतात आणि ते तसंच असायला पाहिजे. बरेच लोक तिथे पहिला घास घेऊन म्हणतात की हे नीट वाटलं गेलं नाही, तर तसं नाहीये, साखर शेवटी घालतात आणि मुद्दाम फार बारीक करत नाहीत.

बिया निवडण्यापासून सुरुवात होते. खडे, चपट्या, बुरशी आलेल्या बाजूला. इथे एक गोष्ट विचारा, बिया 'लावादो' आहेत का 'फेरमेंतादो'. जगभर कोकोच्या बिया गर काढल्यावर पाचसहा दिवस लाकडी पेट्यांत आंबवतात, त्यातूनच चॉकलेटचा वास तयार होतो. मेक्सिकोत मात्र गर धुऊन टाकून सरळ उन्हात वाळवलेल्या बिया, म्हणजे लावादो, खूप वापरतात, त्या चवीला तुरट आणि थोड्या मुक्या असतात. मी पहिल्यांदा बघितल्या तेव्हा मला वाटलं माल खराब आहे, पण दालचिनी आणि साखरेबरोबर प्यायच्या चॉकलेटला आणि मोलेला, म्हणजे मिरच्या-मसाल्यांच्या घट्ट रश्शाला, त्यांना हीच चव हवी असते. शक्य असेल तर दोन्हीतली एकेक बी चावून बघा, मुलांनाही द्या, तोंडं वाकडी करतील पण लक्षात राहील.

मग भाजणं. कोमाल म्हणजे मातीचा मोठा सपाट तवा, चुन्याच्या पाण्याने सारवलेला, खाली लाकडाची चूल. बिया सतत हलवत राहायच्या, मध्यम आच, थोड्या बिया असतील तर १५-२० मिनिटं. इथे घड्याळ बघू नका, कान आणि नाक वापरा. आधी आंबूस, व्हिनेगरसारखा वास येतो, मग तो जातो आणि भाजलेल्या पावासारखा यायला लागतो, आणि बिया तडतडायला लागतात, शेंगदाणे भाजताना येतो तसा आवाज. एक बी काढून चिमटीत दाबायची, साल कागदासारखं सुटलं की उतरवायचं. आपल्या बायकांना हे शिकवावं लागत नाही, ज्याने दाण्याचं कूट केलंय त्याला हे येतं. फक्त एक, करपू द्यायच्या नाहीत, करपलेला कोको साखरेने झाकला जात नाही.

गरम असतानाच हाताने सोलायच्या आणि साल पाखडून उडवायचं. बोटं भाजतात, ८ वर्षांच्या मुलाला थोड्या निवल्यावर द्या. ती सालं फेकत नाहीत, त्यांचा चहासारखा काढा करतात, मागून घ्या, छान लागतो.

आणि मग वाटण, इथेच खरी मजा आहे. मेतातेखाली निखारे ठेवून दगड कोमट करतात. कारण असं आहे की कोकोच्या दाण्यात निम्मं वजन लोण्याचं असतं, कोको बटर, आणि ते ३४ अंशांच्या आसपास वितळतं, म्हणजे आपल्या अंगाच्या उष्णतेपेक्षा थोडंसं खाली. दगड गार असेल तर नुसता भुगा होत राहील. कोमट दगडावर आधी भरड, मग ओलसर रवा, मग एका क्षणी ते चमकायला लागतं आणि बघता बघता पातळ होऊन दगडावरून ओघळतं, पाण्याचा एक थेंब न घालता. मी हे मशीनमध्ये हजारो वेळा बघितलंय पण आपल्या हाताखाली होताना बघणं वेगळं. आणि चुकूनही पाण्याचा हात लावू नका, हात धुतलेत तर कोरडे पुसा, वितळलेल्या चॉकलेटला थोडंसं पाणी लागलं की ते लगेच घट्ट गोळा होऊन बसतं.

बसायची पद्धत शिकून घ्या. गुडघ्यावर, चटईवर, उंच बाजू तुमच्याकडे. मनगटाने जोर लावला तर पाच मिनिटांत हात भरून येतील. जोर खांद्यातून आणि कमरेतून येतो, अंग पुढे झुकवायचं, वरवंटा पुढे ढकलताना वजन टाकायचं आणि मागे आणताना हलका ठेवायचा. तिथला मानो मेतातेच्या रुंदीपेक्षा लांब असतो, दोन्ही टोकं बाहेर येतात, ती धरायची, बोटं खाली सापडत नाहीत. आपला पाटा जमिनीवर आडवा असतो त्यामुळे आपली सवय थोडी वेगळी, पहिली दहा मिनिटं अडखळायला होतं, मग लय सापडते. ज्यांचे गुडघे दुखतात त्यांनी आधी सांगून ठेवा, बऱ्याच घरी मेताते उंच ओट्यावर मांडून देतात, उभं राहून वाटता येतं.

दालचिनी कोकोबरोबरच वाटतात, बदाम घालायचे तर भाजून. ही दालचिनी आपल्याकडे किराणा दुकानात बऱ्याचदा जी जाड, कडक साल मिळते ती नव्हे, पातळ, हाताने चुरडता येणारी, श्रीलंकेची. श्रीलंकेच्या दालचिनीचं सगळ्यात मोठं गिऱ्हाईक मेक्सिको आहे हे मला तिथे जाईपर्यंत लक्षात आलं नव्हतं. जाड साल घातली तर चव तिखट होते आणि कोको मागे पडतो. मिरचीचं म्हणाल तर पर्यटकांच्या क्लासमध्ये हमखास घालतात, स्पॅनिश लोक यायच्या आधीच्या पेयात ती असायची हे खरं आहे, पण आज वाहाकाच्या घरात सकाळी जे चॉकलेट होतं त्यात कोको, साखर, दालचिनी आणि हवे तर बदाम, एवढंच. मी म्हणेन आधी साधं करा, मिरची दुसऱ्या कपात.

शेवटी साखर, परत एकदोन फेरे, आणि हाताने चकत्या थापायच्या. साखरेचं प्रमाण प्रत्येक घराचं वेगळं, कोकोइतकी ते कोकोच्या दुप्पट. मुलांना दुप्पटवालं आवडेल, तुम्ही सम प्रमाणातलं करून बघा.

आता फेस. तिथे फेसाशिवाय कप पुढे केला तर पाहुण्याला बरं वाटत नाही. पोटाला गोल, गळ्याला अरुंद अशा भांड्यात चॉकलेट उकळतं ठेवून मोलिनियो नावाचं लाकडी कोरीव साधन दोन्ही तळव्यांमध्ये फिरवतात. मोलिनियो म्हणजे रवी, दुसरा शब्दच नको, फक्त दोरी नसते आणि दांड्यावर सैल लाकडी कड्या असतात त्या खुळखुळतात. हे स्पॅनिश काळातलं साधन आहे, त्याआधी एका भांड्यातून दुसऱ्यात उंचावरून ओतून फेस काढायचे, आठव्या शतकाच्या आसपासच्या, माया संस्कृतीतल्या एका भांड्यावर असं ओतणारी बाई रंगवलेली आहे आणि ते भांडं आज अमेरिकेत प्रिन्स्टनच्या म्युझियममध्ये आहे. क्लासमध्ये मुलांना रवी द्या, ताक घुसळणारं पोर घरात असेल तर ते तिथल्या सगळ्यांपेक्षा चांगला फेस काढेल.

कुठला क्लास, तर नावं मी मुद्दाम सांगत नाहीये, घरगुती क्लास घेणाऱ्या बायका बदलत असतात, कुणी बंद करतं, कुणी हॉटेलला चालवायला देतं. बुक करताना मेसेजमध्ये दोन प्रश्न पाठवा, भाषांतराच्या ॲपने लिहा. वामोस आ मोलेर एन मेताते, म्हणजे आम्ही पाट्यावर वाटणार आहोत का. आणि एल काकाओ व्येने क्रूदो ओ तोस्तादो, म्हणजे बिया कच्च्या असतील का भाजलेल्या. कच्च्या आणि हो, असं उत्तर आलं तर घ्या. आणि किती जण असतात ते विचारा, एका मेतातेवर चारपेक्षा जास्त माणसं असली तर प्रत्येकाला पाच मिनिटं मिळतात. शहरापासून गाडीने तासाभराच्या आत तेओतित्लान देल वाये नावाचं विणकरांचं गाव आहे, तिथे घरातल्या अंगणात शिकवणारे मिळतात आणि माझा कल तिकडे आहे, कारण तिथे मेताते रोजच्या वापरातला असतो. शिवाय त्या गावात चोकोलातेआतोले नावाचं सणासमारंभाचं पेय करतात, मक्याच्या गरम पेजेवर कोकोचा घट्ट फेस, तो फेस करायला कोकोच्या नात्यातल्याच एका झाडाच्या बिया महिनोन् महिने जमिनीत पुरून पांढऱ्या करून घेतात. ते प्यायला मिळालं तर सोडू नका.

भाषेची काळजी सोडा. हे काम बघून शिकायचं आहे, आणि जी बाई शिकवते तिला मान देऊन दोन्या म्हणा, आपण काकू म्हणतो तसं.

क्लासच्या दुसऱ्या दिवशी शहरातल्या वेइंते दे नोव्हिएम्ब्रे मार्केटच्या बाजूच्या मीना रस्त्यावर जा. त्या गल्लीत शिरायच्या आधीच वास येतो. तिथे चॉकलेटच्या चक्क्या आहेत, अक्षरशः आपल्या पिठाच्या गिरणीसारख्या, लोक आपल्या घरचं प्रमाण सांगून एवढा कोको, एवढी साखर, एवढे बदाम, दालचिनी असं वजन करून दळून नेतात आणि खालून गरम पातळ चॉकलेट पिशवीत पडतं. क्लासच्या आधी गेलात तर नुसती गंमत वाटेल, नंतर गेलात तर स्वतःचं प्रमाण सांगता येईल, म्हणून नंतर.

एक गैरसमज इथे दूर करते. वाहाका शहराच्या आसपास कोकोची झाडं बघायला मिळणार नाहीत, हे शहर दीड हजार मीटर उंचीवरच्या कोरड्या खोऱ्यात आहे. कोको मुख्यतः ताबास्को आणि चियापास या खालच्या, दमट राज्यांतून येतो. झाड बघायचंच असेल तर पुढच्या कुठल्या ट्रिपला ताबास्कोतलं कोमाल्काल्को ठेवा, तिथे कोकोच्या जुन्या हवेल्या आणि बागा बघता येतात. फळं सरळ खोडाला लागतात, फणसासारखी, आणि फोडल्यावर आतला पांढरा गर सीताफळ आणि लिची एकत्र खाल्ल्यासारखा लागतो. २००५ मध्ये त्या भागात मोनिलिया नावाची बुरशी आली आणि फळं झाडावरच कुजायला लागली, कित्येकांनी बागा तोडल्या, जे टिकले त्यांच्याशी बोलताना शेतकऱ्याच्या घरातच बसल्यासारखं वाटतं. पण सहा दिवसांत लहान मुलांना घेऊन हे कोंबू नका.

खाण्याचं. चॉकलेट दे आग्वा म्हणजे पाण्यातलं चॉकलेट, त्यात दूधही नसतं, बिनधास्त प्या. त्याबरोबर जो गोड पाव देतात तो पान दे येमा, येमा म्हणजे अंड्याचा बलक, तो तुम्हाला चालणार नाही. मी शंकरपाळी घेऊन गेले होते, चॉकलेटात बुडवून अप्रतिम लागतात आणि शिकवणाऱ्या बाईंना पण खूप आवडल्या. क्लासला जोडून जेवण असेल तर तीन गोष्टी आधी लिहून पाठवा: सिन मान्तेका, म्हणजे डुकराची चरबी नको, ती घेवड्याच्या उसळीत आणि तामालमध्ये, म्हणजे मक्याच्या पिठाच्या वाफवलेल्या उंड्यांत, असते. सिन काल्दो दे पोयो, चिकनचं पाणी नको, मोले त्यातच सैल करतात. आणि त्लायुदा, म्हणजे मक्याची मोठी कुरकुरीत पोळी, मागवलीत तर सिन आसिएन्तो, ती पण चरबीच. नुसतं शाकाहारी म्हणून भागत नाही, कारण मांसाचे तुकडे नसले की ते शाकाहारी असं बरेच जण प्रेमाने समजतात. मुलांना बाजारात तेहाते पाजा, मका, कोको, मामेच्या बिया आणि एक सुवासिक फूल वाटून हाताने घुसळलेलं थंड पेय, वर पांढरा फेस. मामे हा आपल्या चिकूचा भाऊ, आणि चिकू मुळात तिकडूनच आलाय. फक्त शुद्ध पाणी वापरणाऱ्या, गर्दी असलेल्या ठिकाणीच घ्या.

डिसेंबरात २३ तारखेला तिथे भाजीच्या मुळ्यांवर केलेल्या कोरीवकामाचं प्रदर्शन भरतं, त्या आठवड्यात गर्दी प्रचंड, त्यामुळे क्लास महिनाभर आधी बुक करा आणि सकाळचा घ्या, दुपारच्या क्लासला बिया बऱ्याचदा आधीच भाजून ठेवलेल्या असतात.

मेताते विकत घ्यायचा मोह होईल, मला झाला. दहा-पंधरा किलोचा असतो आणि नवा असेल तर आपल्या नव्या पाट्यासारखाच तांदूळ किंवा मका पुन्हापुन्हा वाटून कच काढावी लागते, आणि बाजारात सिमेंटचे पण विकतात. विमानाने येणाऱ्यांनी मोलिनियो घ्या, हलका असतो. चकत्या भरपूर आणा आणि कस्टम्सला डिक्लेअर करा, कच्च्या बिया किंवा फळ आणू नका. काही आठवड्यांनी चकतीवर पांढुरकी झाक येईल, ती बुरशी नाही, कोको बटर वर आलेलं असतं, वापरायला काही हरकत नाही. मसाल्याच्या डब्याजवळ मात्र ठेवू नका, हिंगाचा वास दोन दिवसांत धरतो.

घरी परत करून बघायचं असेल तर २५० ग्रॅम सोललेला भाजलेला कोको, २०० ग्रॅम साखर, ८ ग्रॅम पातळ दालचिनी. इडलीच्या पिठाचा दगडी वेट ग्राइंडर असेल तर तो अगदी कोरडा करून, दगड हेअर ड्रायरने कोमट करून कोको आणि दालचिनी मूठमूठ घालत जा, जगभरात छोटे चॉकलेट करणारे हाच भारतीय ग्राइंडर वापरतात, मी पण त्याच्यावरच सुरुवात केली. तासाभराने पातळ झालं की साखर, आणि साखर घातल्यावर दहा मिनिटांत बंद, नाहीतर कचकच जाईल. बटर पेपरवर चकत्या थापा. एका कपाला ३५ ग्रॅमची चकती, २०० मिली उकळतं पाणी, आणि घरातली रवी. पातेलं उभट घ्या, पसरट घेतलं तर फेस बसत नाही, बोटाच्या पेराएवढा वर आला की लगेच ओता.